सात वाजता उठणारी मुलं

मला घाबरायला फार मोठं कारण लागत नाही. स्कूटीचा आवाज जरा बदलला की मी स्वतःला रस्त्याच्या कडेला पडलेली पाहते. शाळेच्या आवारात कुत्रं शिरलं की एकोणीस मुलांची इंजेक्शनं मला आधी दिसतात, कुत्रं मागून. नवरा म्हणतो, "तुले शाळेत काऊन घेतलं कोण जाणे, आपत्तीवाल्याइनं घ्यायले पाह्यजे होतं." मी चिडते, पण तो म्हणतो ते खरं आहे. गंमत एवढीच की ज्या ज्या गोष्टींना मी आयुष्यभर भ्यायले, त्यातली एकही माझ्या वाट्याला आली नाही. जी आली तिला मी भ्यायलेच नव्हते. उलट लाल पेनानं तिला चांदणी दिली होती.

पिपरी मेघेहून मी रोज सेलू ओलांडून केळझरच्या अलीकडच्या एका गावात शिकवायला जाते. चौथीपर्यंतची शाळा, दोन खोल्या, दोन शिक्षक. एक मुख्याध्यापक सर आणि एक मी. तिसरी-चौथी माझ्याकडे. गाव भाजी पिकवणाऱ्यांचं आहे. वांगी, मेथी, कोबी आणि सांभार, म्हणजे तुमची कोथिंबीर. उजाडायच्या आत तोडलेला माल सेलूच्या नाहीतर वर्ध्याच्या बाजारात पोचवायचा असतो, त्यामुळे या गावाची सकाळ इतर गावांपेक्षा दोन तास आधी सुरू होते. शाळेत मुलं येतात तेव्हा त्यांचा अर्धा दिवस होऊन गेलेला असतो. कोणाच्या नखांत माती, कोणाच्या केसांत मेथीचं पान. मला त्याचं कधी काही वाटलं नाही. मी स्वतः अशाच घरातली. वांग्याच्या देठाचे काटे बोटात घेऊनच मी बाराखडी गिरवली.

त्या वर्षी दिवाळीच्या सुट्टीनंतर मी एक पाठ माझ्या डोक्यानं घेतला. पुस्तकात तो नव्हता. जगात मुलं कशी वाढतात, एवढाच विषय. गावानं वर्गणी करून शाळेला टीव्ही दिला होता, त्यावर मी मोबाइलमधली चित्रं लावली. थंड देशात आया तान्ह्या बाळांना दुपटी गुंडाळून घराबाहेर गाडीत झोपवतात, बाहेर बर्फ असला तरी. एका देशात मुलं शाळेची फरशी स्वतः पुसतात आणि पहिलीतलं पोर एकटं चालत शाळेत जातं. कुठे पाण्यावरच घरं आहेत आणि पाच-सहा वर्षांची मुलगी नाव वल्हवत वर्गाच्या पायरीशी येते. कुठे गवताळ माळावर इवलाले मुलगे घोड्यांच्या शर्यतीत उतरतात.

मुलं तोंड उघडी टाकून बघत होती. मग प्रश्न सुरू झाले.

"म्याडम, बरफात लेकरू झोपवते अन् त्याची आजी काई म्हणत नाई?"

"आजीलाही लहानपणी तसंच झोपवलं असेल," मी म्हटलं, "ती काय म्हणणार?"

"घोड्यावरून पडला तं?"

"पडतात. पुन्हा बसतात."

फळ्यावर मी मोठ्या अक्षरांत लिहिलं, 'वेगळं म्हणजे वाईट नाही'. सगळ्यांकडून तीनदा म्हणून घेतलं. मला स्वतःचंच कौतुक वाटत होतं, हे लपवून काय उपयोग.

तेवढ्यात चौथीतली एक मुलगी उभी राहिली. नऊ वर्षांची, अंगानं काटकुळी, आवाज मात्र खणखणीत. वर्गात सगळ्यात आधी हात तिचा वर जायचा, उत्तर येत असो की नसो. ती म्हणाली, "म्याडम, तिकडच्या म्याडम आपला पाठ घेत असन का?"

"घेतही असतील."

"मंग आपलं काय दाखवत असन?"

हा प्रश्न मला इतका आवडला की मी तासाचा सगळा बेतच बदलला. प्रत्येकाला कोरा कागद दिला आणि सांगितलं, तिकडच्या मुलांना आपली सकाळ कशी असते ते लिहून कळवा. खरं खरं लिहा. शुद्धलेखन मी बघणार नाही.

मुलांनी खरं खरं लिहिलं. एक जण बकऱ्या सोडून येत होता. एक जण धाकट्या बहिणीला न्हाऊ घालून, तिची वेणी घालून येत होता, हे मला दोन वर्षांत कधी कळलं नव्हतं. एक जण शेतात डबा वाजवून पोपट उडवत होता. आणि त्या मुलीनं पान भरून लिहिलं होतं. आमच्याकडे मुलीही 'मी उठतो' असंच बोलतात, ते मी कधी लाल करत नाही. तिनं लिहिलं होतं:

'मी चार वाजता उठतो. आई अन् मी सांभार तोडतो. मी जुड्या बांधतो. माह्या जुड्या आईपेक्षा बरोबर होते. मंग बाबा पंपात पाणी भरते. औषध मी मोजून टाकतो. बाबाले डब्यावरचं बारीक अक्षर दिसत नाई. मले मिली समजते. एका पंपाले दोन झाकणं. मंग मी काडीनं घोळतो. मंग तोंड धुतो अन् शाळेत येतो. तिकडच्या पोट्ट्याइले हे येत नसन.'

आमच्याकडे फवारणीच्या विषाला औषधच म्हणतात. मी पण म्हणते. त्या शब्दानं डोळ्यावर किती झापड येते ते मला आता कळतं. तेव्हा मला त्या कागदात एकच गोष्ट दिसली. 'मले मिली समजते.' ऑगस्टमध्ये मी मापन शिकवलं होतं. खोकल्याच्या औषधाचे पेले, बाटल्यांची झाकणं, दुधाचं माप असं सगळं घरून नेऊन टेबलावर मांडलं होतं. माझ्या नोकरीतला तो सगळ्यात चांगला तास असेल. आणि इथे एका पोरीनं तो वर्गाबाहेर वापरला होता. त्या वाक्याखाली मी लाल रेघ ओढली, शेजारी चांदणी काढली आणि 'शाब्बास' लिहिलं.

सगळे कागद भिंतीवर लावले. पाच-सहा कागदांचे फोटो काढून आमच्या तालुक्यातल्या शिक्षकांच्या ग्रुपवर टाकले. वर लिहिलं, 'माझ्या मुलांनी जगाला लिहिलेली पत्रं'. अंगठे आले, फुलं आली, टाळ्या आल्या. पोळ्या लाटता लाटता मी पिठाच्या हातानं मोबाइल उघडून बघत होते.

चौथ्या दिवशी सरांनी मला हाक मारली. सरांचं ऑफिस म्हणजे पहिली-दुसरीच्या वर्गातलं कपाटामागचं टेबल. सर निवृत्तीला आलेले, शांत माणूस. त्या दिवशी मात्र त्यांचा चेहरा उतरला होता.

"म्याडम, ते फोटो कुठं कुठं गेले, मालूम हाय का तुमाले?"

मला मालूम नव्हतं. कोणीतरी ते पुढे पाठवले होते, त्यानं आणखी पुढे, आणि मुलांच्या संरक्षणाचं काम बघणाऱ्या जिल्ह्याच्या एका कार्यालयात ते पोचले होते. त्या पोरीच्या कागदावर औषधाच्या ओळींभोवती कोणीतरी गोल काढला होता. येत्या गुरुवारी तिथल्या एक मॅडम शाळेत येणार होत्या.

"कशाला?" मी विचारलं.

"चौकशी. बापावर केस बी होऊ शकते. पोरीले घेऊन बी जाऊ शकते. अन् आपल्याले इचारतीन का तुमी पाहून राह्यले होते तं काय केलं, तं मी काय सांगू? म्याडमनं चांदणी देली म्हणून?"

सर ओरडले असते तर बरं झालं असतं. ते हळू आवाजात बोलत होते. केस खरंच होते का, मुलीला खरंच नेतात का, हे त्यांनाही नक्की माहीत नव्हतं आणि मलाही. विचारायचं कोणाला? विचारलं तर आणखी एका माणसाला कळणार. आम्ही दोघं शिकलेली माणसं त्या कपाटामागे उभी राहून ऐकीव गोष्टींनी एकमेकांना घाबरवत होतो.

गावात बातमी पोचायला मधली सुट्टीसुद्धा लागली नाही. मुलं खिचडीला बसत होती तेव्हा त्या मुलीची आई फाटकाशी येऊन उभी राहिली. आत यायला तयार नव्हती. वाफ्यातून तशीच उठून आलेली, कोपरापर्यंत चिखल. मी बाहेर गेले.

"म्याडम, माह्या पोरीले नेते का?"

"नाही हो. कोण नेतं?"

"लोकं सांगून राह्यले. वर्ध्याले नेऊन ठेवते म्हणे, अठरा वर्षाची होयेपर्यंत. भेटू बी देत नाई." तिचा आवाज फाटला. "मी तिले कामाले लावत नाई व म्याडम. ती उठते माह्या मागं मागं. तिले घरात एकटी ठेवू का अंधारात? तुमीबी तं शेतातल्याच हा. तुमाले तं समजते."

"समजते मले."

"मंग काऊन लिहाले लावलं?"

ती माझ्या तोंडाकडे बघत राहिली, मग पदरानं नाक पुसून म्हणाली, "काई तरी करा म्याडम. तुमच्या हातात हाय." आणि गेली. मुलगी ओट्यावर बसून खिचडी खात होती. आई का आली आणि का गेली, हे तिनं मला विचारलं नाही. ती खाणं थांबवून फक्त फाटकाकडे बघत होती.

त्या दोन दिवसांत मला जी भीती वाटली तशी आधी कधी वाटली नव्हती. रस्त्यावर पांढरी, सरकारी वाटणारी गाडी दिसली की आत कोण बसलंय ते मी बघायचे. एकदा सेलूच्या चौकात एक अनोळखी बाई माझ्याकडे बघून हसली तर मी स्कूटी वळवून दुसऱ्या रस्त्यानं गेले. ती बहुधा माझ्या जुन्या विद्यार्थ्याची आई असावी. माझ्या डोळ्यांसमोर एकच चित्र होतं. गाडीत मागच्या सीटवर बसलेली ती पोर आणि मागे पळणारी तिची आई, आणि कारण मी.

त्या सगळ्यात एका गोष्टीचा विचार मी केलाच नाही. ती दोन झाकणं. नऊ वर्षांचं मूल रोज सकाळी उघड्या हातानं विष मोजतं, हे वाक्य माझ्या मनात एकदाही उमटलं नाही. माझ्या मनात एका वेळी एकच भीती मावते, आणि ती जागा त्या येणाऱ्या बाईंनी भरून टाकली होती.

बुधवारी मी भिंतीवरचे कागद उतरवले. मुलांना रांगेत बसवलं आणि सांगितलं, उद्या पाहुण्या मॅडम येणार आहेत. त्या सकाळबद्दल विचारतील. सगळ्यांनी एकच सांगायचं. मी सात वाजता उठते, मी सात वाजता उठतो. दूध पिते. अभ्यास करते. मग शाळेत येते. फळ्यावर लिहून दिलं आणि कवितेसारखं म्हणून घेतलं. एकोणीस मुलं सुरात म्हणत होती आणि त्यातली निम्मी दूध कधी पीत नव्हती, कारण घरचं दूध डेअरीला जायचं.

ती मुलगी उभी राहिली. "पण म्याडम, हे तं खोटं हाय ना? तुमीच म्हटलं होतं का खरं खरं लिहा."

मी सांगितलं ना, मी भित्री बाई आहे. घाबरलेलं माणूस रागावतं तेव्हा त्याला आपण कोणावर रागावतोय याचं भान राहत नाही. मी तिचा दंड धरला आणि सगळ्या वर्गासमोर म्हटलं, "मी सांगते तेच म्हणायचं. दुसरं एक अक्षर तोंडातून काढलंस तर तुझ्या आईला पोलीस घेऊन जातील. चालेल?"

तिनं मान हलवली. चालणार नाही, अशी. आणि खाली बसली. त्या दिवशी तिचा हात पुन्हा वर गेला नाही.

गुरुवारी त्या मॅडम आल्या. पांढऱ्या गाडीतून नाही, दुचाकीवरून, तोंडाला स्कार्फ बांधून, एकट्याच. वय तिशीच्या आत. चहा नको म्हणाल्या आणि मुलांमध्ये सतरंजीवर जाऊन बसल्या. आधी त्यांच्याशी काचापाणी खेळल्या. मुलं हसत होती आणि मी दाराला पाठ टेकून उभी होते. मग त्यांनी सहज विचारावं तसं त्या मुलीला विचारलं, "तू सकाळी किती वाजता उठतेस गं?"

"मी सात वाजता उठते. दूध पिते. अभ्यास करते. मग शाळेत येते."

"आणि बाबांना मदत करतेस का? औषध वगैरे मोजायला?"

"नाही. मी लहान आहे."

हे शेवटचं वाक्य मी शिकवलं नव्हतं. ते तिनं स्वतः जोडलं, तेही स्वच्छ पुस्तकी मराठीत, आणि बोलताना ती त्या मॅडमकडे नाही तर माझ्याकडे बघत होती. बरोबर आलं का, असं. मी नकळत मान डोलावली.

जाताना त्या मॅडम मला फाटकाशी घेऊन गेल्या. हेल्मेट हातातच होतं. म्हणाल्या, "मुलांना तुम्ही पढवलंय, ते मला कळतं. मी रागावले नाही. भाजी तोडली म्हणून कोणाचं घर मोडायला मी येत नाही. आई-बापाबरोबर शेतात जाणं वेगळं. मला फक्त त्या औषधाची भीती वाटते. तुम्ही तिच्या घरी बोलाल ना? माझ्यापेक्षा तुमचं ऐकतील."

"हो हो, बोलते," मी म्हटलं.

त्यांची दुचाकी वळणाआड गेली आणि माझा जीव भांड्यात पडला. सरांनी गावातून पेढे मागवले. मुलीची आई संध्याकाळी मेथीच्या चार जुड्या घेऊन आली आणि माझ्या पायांना हात लावायला वाकली. मी तिला उठवलं. तेव्हाच बोलायला हवं होतं. ती समोर उभी होती, मी म्हणेन ते ऐकण्याच्या मनःस्थितीत होती. पण औषधाचा विषय काढायचा म्हणजे पुन्हा त्या कागदाचा विषय निघणार, आणि तो कागद मी चुलीत घातला होता. म्हटलं, चार दिवस जाऊ देत. मग घटक चाचणी आली, मग केंद्राच्या क्रीडा स्पर्धा आल्या. खरं सांगायचं तर कारणं मीच शोधत होते.

तीनेक आठवडे गेले. थंडी चांगली पडली होती. परिपाठ चालू होता, मुलं रांगेत उभी होती, आणि ती मुलगी मधूनच रांगेतून निघून नळापाशी गेली. मला वाटलं पाणी प्यायला. तिथं ती वाकली आणि ओकली. मी धावले. तिच्या कपाळावर घाम होता, त्या थंडीत, ओंजळभर. तोंडातून लाळ गळत होती आणि ती स्वेटरच्या बाहीनं पुसत होती. मी तिला जवळ घेतलं आणि त्या बाहीचा वास आला. तो वास मला कोणी सांगायची गरज नव्हती. आमच्याकडे तो ज्याच्या त्याच्या ओळखीचा आहे.

मी तिचा चेहरा वर केला.

"बाबांनी आज औषध मारलं का? तू मोजलंस का? सांग मला."

तिनं माझ्याकडे पाहिलं. डोळे पाणावलेले होते. "मी सात वाजता उठते," ती म्हणाली.

सरांनी मोटरसायकल काढली. शाळा खिचडी शिजवणाऱ्या मावशींवर सोडली. पुढे सर, मधे ती, मागे मी, दोन्ही हातांनी तिला धरून. तिचे आई-बाप माल घेऊन सेलूच्या बाजारात गेलेले, बापाचा फोन वाजत होता आणि कोणी उचलत नव्हतं. रस्ताभर मी तिच्या छातीवर हात ठेवून श्वास मोजत होते. मधेच तिचं अंग थरथरायचं आणि मी सरांना ओरडायचे, जोरात चालवा. पुढच्याच गतिरोधकावर ओरडायचे, हळू. तिचा देह माझ्या हातात इतका हलका होता की तो घसरून गेला तर मला कळणारही नाही, असं वाटत होतं. मी देवाला काय काय कबूल केलं ते मला आठवत नाही.

सेलूच्या दवाखान्यात एका तरुण डॉक्टरांनी तिला लगेच घेतलं. सर तिच्या आई-बापाला शोधायला बाजाराकडे गेले. डॉक्टरांनी तिच्या डोळ्यांत बॅटरी मारली. "बाहुल्या बारीक झाल्यात," ते नर्सला म्हणाले, "हिचे कपडे काढा आधी. अंग साबणानं धुवा." मग सुई लावता लावता मला विचारलं, "फवारणीचं औषध आहे ना? कोणतं होतं? किती वाजता? अंगावर सांडलं की पोटात गेलं?"

"मला माहीत नाही."

"बाळा, तू सांग. काय झालं सकाळी?"

"मी सात वाजता उठते," तिचा आवाज घोगरा झाला होता. "दूध पिते. अभ्यास करते."

"बडबडते आहे का ही?" डॉक्टर माझ्याकडे वळले.

ती बडबडत नव्हती. ती पूर्ण शुद्धीत होती, आणि जे करायला मी तिला शिकवलं होतं ते जिवावर बेतलेलं असताना नेमानं करत होती. मी खाटेजवळ गुडघ्यांवर बसले.

"बेटा, आता खरं सांग. त्या दिवशीचं विसर. मीच सांगते ना तुला."

तिनं ओठ मिटून घेतले.

"पोलीस नाही येत. आईला कोणी नेत नाही. मी खोटं बोलले होते तेव्हा. खरंच खोटं बोलले होते."

ती माझ्याकडे बघत होती आणि तिच्या डोळ्यांत मला जे दिसलं ते मी आधी तिच्या आईच्या डोळ्यांत पाहिलं होतं, फाटकापाशी. माझं आधीचं खोटं की आताचं, हे तिनं कसं ठरवायचं? मी दोन्ही सारख्याच आवाजात सांगितलं होतं. डॉक्टर म्हणाले, मी इलाज सुरू केलाय, पण काय आणि किती ते कळलं तर मला अंदाज येईल. मी तिचा हात धरायला गेले तर तिनं तो पांघरुणात ओढून घेतला.

मग तिनं नर्सला बोटानं जवळ बोलावलं. नर्सनं कान तिच्या तोंडाशी नेला. ऐकलं, आणि जरा अवघडून माझ्याकडे पाहिलं.

"म्याडम, तुमी जराशा बाहेर थांबता का? तुमाले बाहेर पाठवा म्हणते ती."

मी बाहेर आले. दार लोटलं गेलं. व्हरांड्यात एक म्हातारा पाय चोळत बसला होता, कोणाचं तरी लेकरू रडत होतं. दारापलीकडून तिचा आवाज यायला लागला. शब्द ऐकू येत नव्हते, पण ती बोलत होती. मधे थांबून, पुन्हा बोलत होती, घरच्या बोलीत, माझ्या वर्गात हात वर करून बोलायची तशी भरभर. मी तिथं उभी राहून तो आवाज बंद पडू नये म्हणून मनातल्या मनात विनवत होते.

बऱ्याच वेळानं नर्स बाहेर आली.

"सांगतलं तिनं सगळं. नावबी सांगतलं डब्यावरचं, वाचता येते न तिले. पहिले बांधावर घोळत होते म्हणे, मोकळ्यात. पण ते तपासणीवाल्या बाई येऊन गेल्या, तवापासून कोणाले दिसू नये म्हणून मोटरच्या खोलीत दार लावून घोळते. आज झाकण भरता भरता स्वेटरवर सांडलं. कोणी पाह्यन म्हणून धुवाले बी बाहेर नाई निघाली. तेच स्वेटर घालून शाळेत आली."

दार लावून. तेवढ्याशा खोलीत, जिथं खिडकीसुद्धा नसते.

"घाबरू नका," नर्स म्हणाली. "डॉक्टर म्हणते टायमावर आणलं. दोन-तीन दिवस ठेवा लागन, पण होईन चांगली."

"मी आत येऊ का? लांबूनच बघते."

नर्स दारातच थांबली. "तुमी गेल्या का म्हणून इचारून राह्यली ती. दोनदा इचारलं."

"गेल्या म्हणून सांगा," मी म्हटलं. आणि दवाखान्याच्या पायऱ्या उतरून, बाजाराकडून तिची आई येईल त्या रस्त्याकडे तोंड करून उभी राहिले.